तीन जणांनी सात वर्षं गेम बनवला आणि ऑनलाइन दुकानं बंद पडली : सिल्कसाँगचा सगळा विषय काय आहे?

४ सप्टेंबर २०२५. भारतात संध्याकाळचे साडेसात वाजले आणि स्टीमचं पेज उघडेनासं झालं. स्टीम म्हणजे कम्प्युटरवरच्या गेम्सचं जगातलं सगळ्यात मोठं ऑनलाइन दुकान. तिकडून वैतागलेली पोरं निन्टेन्डोच्या ई-शॉपवर गेली, तिथंही तेच. प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्सच्या स्टोअरवरही तीच रड. कार्टमध्ये गेम टाकला की एरर, पैसे भरायला गेलं की एरर.

कारण एकच होतं. 'हॉलो नाइट : सिल्कसाँग' नावाचा गेम त्या मिनिटाला विक्रीला आला होता.

आता मोठ्या गेमच्या लाँचला सर्व्हरवर ताण येतो, यात नवीन काही नाही. पण असे गेम बनवायला शेकडो, कधीकधी हजारो लोक राबतात, जाहिरातींवर पाण्यासारखा पैसा ओततात. सिल्कसाँग बनवणाऱ्या टीम चेरीची गाभ्याची टीम आहे तीन जणांची. ॲरी गिब्सन, विल्यम पेलन आणि जॅक वाइन. सोबत संगीतकार ख्रिस्तोफर लार्किन, मार्केटिंग बघणारे मॅथ्यू ग्रिफिन आणि मदतीला हाताच्या बोटांवर मोजता येतील एवढी माणसं. ऑफिस ऑस्ट्रेलियातल्या ॲडलेडमध्ये. जाहिरातीचं म्हणाल तर रिलीजच्या फक्त दोन आठवडे आधी, २१ ऑगस्टला, त्यांनी यूट्यूबवर एक व्हिडिओ टाकला आणि तारीख सांगितली. विषय संपला.

दुकानं बंद पडण्यामागं एक साधं तांत्रिक कारणही होतं. मोठ्या गेम्सचं महिनो न् महिने आधी बुकिंग चालतं, डाउनलोडही दोन दिवस आधी करून ठेवता येतं. त्यामुळं गर्दी विभागली जाते. इथं तसं काहीच नव्हतं. सगळ्या जगाला एकाच मिनिटाला पैसे भरायचे होते. गणपतीच्या गाड्यांचं रेल्वे बुकिंग सुरू होतं त्या सकाळी वेबसाइटचं जे होतं, तेच इथं झालं.

स्टीमवर एकाच वेळी हा गेम खेळणाऱ्यांचा आकडा पाच लाखांच्या वर गेला. डिसेंबरमध्ये टीम चेरीनं सांगितलं की ७० लाखांहून जास्त प्रती विकल्या गेल्यात. एक्सबॉक्सच्या गेम पास या सबस्क्रिप्शनमधून खेळलेले वेगळेच.

मग प्रश्न पडतो की तीन माणसांना हे जमलं कसं? आणि जमलं ते इतरांना जमेल का?

आधी गेम काय आहे ते बघू

पहिला 'हॉलो नाइट' आला २४ फेब्रुवारी २०१७ ला. जमिनीखाली बुडालेलं, ओसाड पडलेलं किड्यांचं एक राज्य. त्यात एक इवलासा, न बोलणारा योद्धा हातात खिळा घेऊन उतरतो. हो, तलवार म्हणून खिळा. सगळी चित्रं हातानं काढलेली, पडद्यावर सपाट दिसणारी, पण खोली अशी की माणूस हरवून जातो. नकाशा आयता मिळत नाही. एका कोपऱ्यात बसून नकाशे काढणारा एक किडा शोधायचा, त्याच्याकडून विकत घ्यायचा. गोष्टसुद्धा कुणी नीट सांगत नाही, ती तुकड्यातुकड्यानं गोळा करायची.

सिल्कसाँगची नायिका हॉर्नेट. पहिल्या गेममध्ये ती वाटेत आडवी येऊन लढायची. आता तिला पकडून फारलूम नावाच्या परक्या राज्यात आणलेलं आहे. पहिल्यात खाली खाली उतरायचं होतं, इथं वर वर चढायचं आहे. राज्याच्या माथ्यावर एक बालेकिल्ला आहे आणि त्याच्या ओढीनं यात्रेकरू किडे मरत-पडत वर निघालेत. चलन म्हणून जपमाळेचे मणी. विसावा घ्यायला बाक आहेत, पण काही बाकांवर बसायलाही मणी मोजावे लागतात. देवाच्या नावानं उभी राहिलेली व्यवस्था भक्तांकडून काय काय वसूल करते, हे हा गेम एकही भाषण न देता दाखवतो. पायी वारी किंवा कुठल्याही देवस्थानाबाहेरची दुकानं ज्यांनी बघितलीत त्यांना फारलूम फार परकं वाटणार नाही.

पैसा आला कुठून?

इथं खरी गंमत आहे, त्यामुळं जरा सावकाश.

२०१३ मध्ये 'लुडम डेअर' नावाच्या स्पर्धेत गिब्सन आणि पेलन उतरले. या स्पर्धेत दोन-तीन दिवसांत अख्खा गेम बनवायचा असतो. त्यांनी 'हंग्री नाइट' नावाचा एक छोटा गेम केला. पुढं त्यातल्याच पात्रावरून मोठ्या गेमची कल्पना सुचली. नोव्हेंबर २०१४ मध्ये त्यांनी किकस्टार्टरवर लोकांकडं पैसे मागितले. किकस्टार्टर म्हणजे ऑनलाइन वर्गणी, फरक इतकाच की बदल्यात वस्तू मिळते आणि ठरलेली रक्कम जमली नाही तर कुणाचाच पैसा कापला जात नाही. मागितले होते ३५ हजार ऑस्ट्रेलियन डॉलर, जमले ५७ हजारांच्या वर. देणारे २,१५८ लोक.

किकस्टार्टरवर एक पद्धत असते. ठरलेल्या रकमेपेक्षा जास्त पैसे आले तर आम्ही अमुक एक गोष्ट जास्तीची देऊ, असं वचन देतात. त्या वचनांपैकी एक होतं हॉर्नेटला घेऊन खेळता येण्याचं. तेच काम वाढत वाढत एवढं झालं की जोडपत्र म्हणून देण्यात अर्थ उरला नाही. १४ फेब्रुवारी २०१९ ला टीम चेरीनं जाहीर केलं की हा आता स्वतंत्र गेम असेल. म्हणजे हिशेब लावला तर सिल्कसाँग हे २०१४ च्या वर्गणीदारांना दिलेलं राहिलेलं वचन आहे. म्हणूनच रिलीजआधी समीक्षकांना प्रती दिल्या नाहीत. वर्गणीदारांच्या आधी पत्रकारांनी गेम खेळणं त्यांना बरं वाटलं नाही.

पण ५७ हजार डॉलरमध्ये सात वर्षं निघत नाहीत. ती निघाली पहिल्या गेमच्या विक्रीवर. ऑगस्टमध्ये ब्लूमबर्गला दिलेल्या मुलाखतीत टीम चेरीनं सांगितलं की 'हॉलो नाइट'च्या दीड कोटी प्रती विकल्या गेल्यात. मूळ किंमत १५ डॉलर. सेलमध्ये तो अनेकदा निम्म्याला मिळतो आणि दुकानाचा वाटा वेगळा जातो. समजा एका प्रतीमागं हातात सरासरी फक्त ३ डॉलर पडले असं धरलं, तरी साडेचार कोटी डॉलर होतात. हा फक्त अंदाज बांधायला केलेला हिशेब आहे. पण तीन लोकांच्या टीमला एवढा पैसा किती वर्षं पुरेल, याचा विचार करा.

आणि म्हणून उशिरामागचं उत्तर फार साधं निघालं. सोशल मीडियावर सहा वर्षं तर्क लढवले गेले. टीममध्ये भांडणं झाली असतील, इंजिन बदललं असेल, प्रोजेक्टच गुंडाळला असेल. त्याच मुलाखतीत गिब्सन आणि पेलन यांचं म्हणणं असं होतं की काम कधी अडलंच नव्हतं. मजा येत होती, म्हणून ते नवनवीन गोष्टी घालत राहिले. गिब्सन यांना तर शेवटी चित्रं काढणंच थांबवावं लागलं, कारण जे काढू ते गेममध्ये घालावंसं वाटायचं आणि रिलीज आणखी पुढं जायचा.

नोकरदार माणसाला हे ऐकून हेवा वाटेल. वाटायलाच पाहिजे. डेडलाइन नाही, साहेब नाही, गुंतवणूकदाराचा फोन नाही. पण हे स्वातंत्र्य फुकट आलेलं नाही. ते पहिला गेम तुफान चालल्यावर मिळालं आहे. दुसऱ्या गेमला सात वर्षं देता यावीत म्हणून पहिला गेम कोट्यवधींनी विकला जावा लागतो, आणि तसं हजारात एखाद्याचंच होतं.

वाट बघणाऱ्यांचं काय झालं?

जून २०२२ मध्ये एक्सबॉक्सच्या कार्यक्रमात सिल्कसाँग दिसला, तेव्हा त्या मंचावरचे सगळे गेम बारा महिन्यांत येतील असं सांगण्यात आलं. मे २०२३ मध्ये ग्रिफिन यांनी कळवलं की नाही, अजून वेळ लागेल. त्यानंतर बराच काळ सामसूम. फॅन लोकांनी स्वतःची थट्टा सुरू केली. गेमिंगचा कुठलाही मोठा कार्यक्रम आला की रेडिटवर विदूषकाचा मेकअप केलेले मीम्स यायचे, म्हणजे 'या वेळी तरी ट्रेलर येईल' अशी आशा ठेवणारे आम्ही जोकर. 'डेली सिल्कसाँग न्यूज' नावाचं एक यूट्यूब चॅनल २०२१ पासून रोज व्हिडिओ टाकत होतं आणि बहुतेक दिवशी बातमी हीच असायची की आज काही बातमी नाही.

मार्केटिंगवाले ज्याला हाइप म्हणतात ती कंपनीनं पैसे देऊन तयार केली नव्हती. ती फॅन लोकांनी रिकाम्या वेळेत फुकटात बनवली. रिलीजच्या आधी जवळपास ५० लाख लोकांनी स्टीमवर हा गेम विशलिस्टला टाकून ठेवला होता.

बाकीचे का पळाले?

२१ ऑगस्टला तारीख जाहीर झाली आणि पुढच्या काही दिवसांत छोट्या कंपन्यांची पळापळ सुरू झाली. 'डेमनस्कूल' ३ सप्टेंबरला येणार होता, तो थेट १९ नोव्हेंबरवर गेला. 'बेबी स्टेप्स' ८ वरून २३ सप्टेंबरवर. 'क्लोव्हरपिट'ही महिनाअखेरीस ढकलला गेला. 'एटर्ना ल्यूसिस'नं तर २०२६ गाठलं.

सिनेमाच्या धंद्यात हे आपण नेहमी बघतो. दिवाळीला खानांचा पिक्चर आला की मराठी सिनेमाला शो मिळत नाहीत. फरक असा की तिथं मोठा मासा मुंबईतल्या स्टुडिओचा असतो. इथं मोठा मासाच तीन माणसांचा होता. ज्यांनी तारखा पुढं ढकलल्या त्यांचा राग टीम चेरीवर होता असंही नाही, अनेकांना स्वतःलाच सिल्कसाँग खेळायचा होता. पण दोन आठवड्यांची सूचना त्यांना अंगलट आली. छोट्या स्टुडिओचं सगळं गणित पहिल्या आठवड्यावर असतं. त्या आठवड्यात यूट्यूबर्स आणि स्ट्रीमर्सनी तुमचा गेम खेळला नाही तर स्टीमचा अल्गोरिदम तो लोकांसमोर आणत नाही, आणि पुढं आणायची शक्यताही कमी होत जाते. दोन-तीन वर्षांची मेहनत एका आठवड्यात बुडते.

त्यात किंमत. सिल्कसाँग १९.९९ डॉलरला आला. त्याच वर्षी निन्टेन्डोनं 'मारिओ कार्ट वर्ल्ड'ला ७९.९९ डॉलर लावले. खेळणाऱ्यांना अर्थातच आनंद झाला आणि 'बघा, शिका यांच्याकडून' अशा पोस्ट मोठ्या कंपन्यांना टॅग करून फिरल्या. मोठ्यांना चिमटा बसला हे ठीकच. पण त्याचा फटका छोट्यांना बसतो. सात वर्षांचा, चाळीस-पन्नास तास चालणारा गेम २० डॉलरला मिळत असेल तर दहा तासांच्या गेमला २५ डॉलर कोण देणार? टीम चेरीला ७० लाख गिऱ्हाईक आहेत म्हणून २० डॉलर परवडतात. ज्याची विक्री वीस हजार प्रतींवर थांबते, त्याला ही किंमत परवडत नाही. आपल्याकडं मोठं सुपरमार्केट आलं की शेजारच्या किराणा दुकानदाराचा भाव महाग वाटायला लागतो, तशातली गोष्ट. सुपरमार्केट चुकीचं वागतंय असं कुणी म्हणत नाही, पण दुकान तर चालत नाही.

लोक खूश होते का?

बरेचसे. सगळे नाही.

गेम अवघड आहे. सुरुवातीला हॉर्नेटकडं पाच 'मास्क' असतात, म्हणजे पाच जीव समजा, आणि अनेक शत्रूंचा एक फटका दोन मास्क घेऊन जातो. म्हणजे तीन फटक्यांत खेळ खल्लास. मेलं की गोळा केलेले मणी तिथंच राहतात, ते आणायला परत जायचं, आणि वाटेत पुन्हा मेलं तर तेही गेले. पहिल्या आठवड्यात इंटरनेट दोन गटांत वाटलं गेलं. एक गट म्हणत होता, जमत नसेल तर खेळू नका. दुसरा म्हणत होता, आम्ही पैसे दिलेत, नोकरी करून रात्री तासभर खेळतो, निदान अडचण कमी करायचं एखादं बटण तरी द्या.

दुसऱ्या गटाचं म्हणणं खोडून काढणं सोपं नाही. ज्यांचे हात तितके वेगानं चालत नाहीत, ज्यांना एखादं अपंगत्व आहे, त्यांच्यासाठी सोपा पर्याय नसणं म्हणजे दार बंद असणं. 'गिट गुड' म्हणजे 'आधी शिकून ये', हे उत्तर त्यांना लागू होत नाही. दुसरीकडं फारलूमची गोष्टच अशी आहे की ते राज्य वर चढणाऱ्याला पिळून काढतं, आणि खेळणाऱ्यालाही पिळल्याशिवाय ते जाणवणार नाही. टीम चेरीनं मेलबर्नच्या ऑस्ट्रेलियन सेंटर फॉर द मूव्हिंग इमेज या संग्रहालयातल्या प्रदर्शनाच्या निमित्तानं आपली बाजू मांडली. एका वाटेवर अडलात तर दुसऱ्या वाटेनं जा, ताकद मिळवा आणि परत या, अशी रचना केलेली आहे, असा त्यांचा मुद्दा होता. तरी पहिल्याच आठवड्यात त्यांनी बदल जाहीर केले. सुरुवातीचे दोन बॉस, मूरविंग आणि सिस्टर स्प्लिंटर, थोडे सोपे केले. काही बाकांचे आणि बेलवे या प्रवासाच्या सोयीचे दर उतरवले. कम्प्युटरवर खेळणाऱ्यांनी तोवर स्वतःच मॉड बनवून दोन मास्कचा फटका एकावर आणला होता.

दुसरी नाराजी आली चीनमधून, आणि ती जास्त विचार करण्यासारखी आहे. जगभर स्टीमवर गेमला डोक्यावर घेतलं जात असताना चिनी भाषेतले रिव्ह्यू बहुतांश नकारात्मक होते. तक्रार भाषांतराची. मूळ इंग्रजीतली कमी शब्दांत बोलणारी, थोडी उदास भाषा चिनीमध्ये जुन्या वळणाची, अलंकारिक, तलवारबाजीच्या कादंबरीसारखी होऊन बसली होती. आपल्याकडं एखाद्या हॉलिवूडपटाच्या डबिंगमध्ये गल्लीतला गुंड 'हे नराधमा' म्हणायला लागला तर कसं वाटेल, तसं. ग्रिफिन यांनी एक्सवर चूक मान्य केली आणि दुरुस्ती करू असं सांगितलं.

म्हणजे सात वर्षं एकेका पानाफुलावर घालवणाऱ्या टीमची भाषांतरावरची पकड सुटली. छोट्या टीमच्या मर्यादा अशा ठिकाणी दिसतात. आणि चीनमधल्या लोकांकडं निदान तक्रार करायला भाषांतर तरी होतं. सिल्कसाँग एकाही भारतीय भाषेत नाही. बाजार नाही म्हणून भाषा नाही, भाषा नाही म्हणून नवा खेळणारा नाही, हे चक्र जुनंच आहे.

पुण्यात काय झालं होतं?

हा सगळा किस्सा परदेशातला वाटत असेल तर पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचं उदाहरण बघा. त्यांनी 'राजी : ॲन एन्शंट एपिक' नावाचा गेम बनवला. देव आणि दानवांची लढाई, पळवून नेलेला भाऊ आणि त्याला शोधायला निघालेली राजी. कल्पित जग, पण उभं राहिलेलं भारतीय पुराणकथा आणि वास्तुकलेवर. त्यांनीही २०१७ मध्ये किकस्टार्टर केलं. ते फसलं, रक्कम जमली नाही. काम चालू ठेवण्यासाठी सहसंस्थापक श्रुती घोष यांनी स्वतःचा फ्लॅट विकला. पुढं 'फोर्टनाइट'वाल्या एपिक कंपनीकडून अनुदान मिळालं, २०२० मध्ये गेम आला, आणि द गेम ॲवॉर्ड्समध्ये पदार्पणाच्या इंडी गेमसाठी नामांकनही मिळालं. २०२२ च्या सुधारित आवृत्तीत हिंदी आवाजही आले.

ॲडलेडमध्ये अडीच हजारांहून कमी लोकांनी वर्गणी दिली आणि सुरुवात झाली. पुण्यात ती सुरुवात एका माणसाच्या घरातून झाली. कसब दोन्हीकडं होतं, पण पहिला धक्का सोसायला मागं किती लोक उभे आहेत, हे दोन्हीकडं सारखं नव्हतं. शिवाय आपल्याकडं 'गेम' म्हटलं की बातमीत दिसते ती रमी. जुलै २०२५ मध्ये विधान परिषदेतल्या मोबाइलवरच्या रमीवरून राज्यात गदारोळ झाला. योगायोग असा की टीम चेरीनं तारीख जाहीर केली त्याच २१ ऑगस्टला राज्यसभेत ऑनलाइन गेमिंगचं विधेयक मंजूर झालं. तो कायदा पैसे लावून खेळायच्या गेम्सवर बंदी आणतो. सिल्कसाँग किंवा राजीसारख्या गेम्सचा त्या बंदीशी संबंध नाही, पण घरच्यांना हा फरक समजावताना गेम बनवणाऱ्या पोरांची दमछाक होते ती होतेच.

मग इंडी नक्की कोण?

११ डिसेंबरला द गेम ॲवॉर्ड्स झाले. सिल्कसाँगला उत्कृष्ट ॲक्शन-ॲडव्हेंचर गेमचा पुरस्कार मिळाला. वर्षातल्या सर्वोत्कृष्ट गेमचा मान गेला फ्रान्सच्या 'क्लेअर ऑब्स्क्युअर : एक्स्पिडिशन ३३'ला, आणि सर्वोत्कृष्ट इंडी गेमचाही त्यालाच. त्या गेममागं केप्लर नावाचा प्रकाशक आहे, नावाजलेल्या कलाकारांचे आवाज आहेत. त्यावरून वाद झाला की हा इंडी कसा? मग उलटा प्रश्नही विचारायला हवा. ज्यांच्या एका तारखेनं बाकीचे हलतात आणि ज्यांना पैशाची विवंचना नाही, ती टीम चेरी तरी कुठल्या अर्थानं इंडी?

प्रामाणिकपणे बघितलं तर इंडी हा शब्द आता बजेट सांगत नाही, निर्णय कोण घेतं एवढंच सांगतो. टीम चेरीमध्ये ते तीन जण घेतात, आणि लोकांना दोन वर्षं काही कळवायचं नाही हाही त्यांचाच निर्णय होता.

डिसेंबरमध्येच त्यांनी पुढची घोषणा केली. सिल्कसाँगला 'सी ऑफ सॉरो' नावाची मोठी भर पडणार आहे, समुद्राच्या बाजूची, आणि ज्यांच्याकडं गेम आहे त्यांना ती फुकट मिळणार. कधी? नुसतं '२०२६' एवढंच लिहिलं होतं.